आप्पांचा उरलेला शब्द

आमचे आप्पा उदगीरला एका शाळेत इंग्रजी शिकवायचे, आणि साऱ्या इंग्रजीत त्यांचा जीव एका शब्दावर होता : हाउएव्हर. कुणाच्या वडिलांना पानाची आवड असते, कुणाच्या वडिलांना पत्त्यांची, तशी आमच्या आप्पांना या शब्दाची. पाठ्यपुस्तकात त्याचा अर्थ 'तथापि' असा छापलेला असायचा. तेवढ्यानं आप्पांचं समाधान होत नसे. त्यांचं शिक्षण निजामाच्या राज्यात उर्दूतून झालेलं, त्यामुळं इंग्रजीत ते उर्दूच्या दारातून शिरले होते. शिकवताना ते आधी म्हणायचे, "हाउएव्हर म्हणजे ताहम." मग समोरच्या पोरांची कोरी तोंडं बघून, "म्हणजे आपलं तथापि." आणि तरीही तोंडं कोरीच राहिली की ओट्याच्या खांबाला पाठ टेकून नीट बसायचे आणि खऱ्या शिकवणीला सुरुवात करायचे.

ते लातूर जिल्हा नवीन झाल्याचे दिवस. उस्मानाबादेतून कचेऱ्या एकेक करून लातूरला येत होत्या. बिऱ्हाड हलवल्यावर भांडी दिवसेंदिवस पोत्यातच राहावीत, तशा फायली भाड्याच्या घरांतून गठ्ठ्यांनी पडून होत्या म्हणे. कारकून हवेत, टंकलेखक हवेत, अशा बातम्या रोज येत. उदगिरातला शिकलेला प्रत्येक पोरगा लातूरकडं तोंड करून बसलेला. यातले बरेच जण सकाळी आमच्या ओट्यावर यायचे. आप्पांना शिकवल्याशिवाय करमत नसे, म्हणून ही शिकवणी. आत आमची आई, अव्वा, चुलीवर भाकरी थापत असायची, थोरली बहीण महानंदाआक्का तव्यावरची भाकरी उलटत असायची, आणि मी उंबऱ्यावर बसून दोन्हीकडं बघायची. भाकरीची थपथप आणि आप्पांचं इंग्रजी हे माझ्या कानात आजही एकत्रच वाजतं. पाऊस सलग दुसऱ्या वर्षी रुसला होता. अंगणातला आड कोरडा पडला होता आणि गल्लीच्या तोंडाशी टँकर यायला लागला होता. पोरं शिकता शिकता मधेच मान वर करून टँकरचा भोंगा ऐकायची.

"हे बघा," आप्पा म्हणायचे, "बट हा दांडगा गडी हाय. दारातूनच आरडतो. त्याला समोरच्याचं ऐकूनच घ्यायचं नसतंय. हाउएव्हर तसा न्हाई. त्यो चप्पल काढून आत येतो, पाणी पितो, तुमचं खरं हाय म्हणतो, अन् मग हळूच आपलं म्हणणं काढतो. म्हणून त्याच्या आधी पूर्णविराम द्या. अन् त्याच्यानंतर स्वल्पविराम द्या, त्याला जरा दम घिऊ द्या. काय राजशेखर? एक वाक्य सांग."

उदगीरला आजोळी राहणारा राजशेखर हा त्या पोरांतला सगळ्यात अबोल. उंच, किडकिडीत, शर्टाचं वरचं बटणसुद्धा लावणारा. तो म्हणाला, "द वेल इज डीप. हाउएव्हर, देअर इज नो वॉटर इन इट."

"वा! आता दुसरा अर्थ. त्याच्यानंतर स्वल्पविराम न्हाई, अन् लगेच एखादं विशेषण नाहीतर क्रियाविशेषण आलं, तर ह्यो शब्द पालटतो. हाउएव्हर लाउडली यू शाउट. काय अर्थ?"

सगळी पोरं 'तथापि' घेऊन अडून बसली होती. तेवढ्यात आतून, चुलीजवळून आक्काचा आवाज आला, "कितीही आरडलात तरी!"

"कितीही आरडलात तरी," आप्पा हसत म्हणाले, "टँकर यायचा तवाच येणार!" सगळे हसले. राजशेखर तेवढा हसला नाही. त्यानं मान वळवून स्वयंपाकघराच्या अंधाराकडं पाहिलं होतं. मी उंबऱ्यावर बसले होते, म्हणून मला ते दिसलं.

उन्हाळ्याच्या सुट्टीत, टँकरच्या गर्दीत आप्पांच्या अंगावरून वारं गेलं. भरलेली घागर उचलायला वाकले ते वर आलेच नाहीत. शेजारचे रहीमचाचा शिंपी. ते मशीन सोडून पळत आले, आणि त्यांनीच कुणाची तरी जीप मिळवून आप्पांना तीत निजवलं. अव्वा, आक्का आणि मी त्यांच्या पायाशी अंग चोरून बसलो. अहमदपूर गेलं, लोहा गेलं. दोन्हीकडची रानं भुंडी पडली होती. आप्पांचं डोकं चाचांच्या मांडीवर होतं आणि चाचा सारखे म्हणत होते, "मास्टरसाब, नांदेड आया, बस, आया." नांदेड मात्र येता येत नव्हतं.

नांदेडच्या मोठ्या दवाखान्यात आप्पा वाचले. पण उजवी बाजू गेली आणि वाचाही गेली. डोळे आमच्यावर फिरत, आम्ही बोललेलं कळे, ओठ हलत, आवाज मात्र यायचा नाही. आम्ही व्हरांड्यात राहायचो. रहीमचाचांच्या घरून येणाऱ्या माणसाबरोबर धपाटे यायचे, ते चटणीशी खायचो. अशा एका सकाळी अव्वा चमच्यानं आप्पांना पेज भरवत होती. सवयीनं तिनं विचारलं, "आजून देऊ का?" आणि आप्पांच्या तोंडून घसटत, अडखळत आवाज आला, "हाउ... एव्हर."

अव्वाच्या हातातला चमचा खाली पडला. "हाव म्हणले! पोरीहो, तुमचे आप्पा हाव म्हणले!" ती रडायला लागली. आमच्याकडं 'हो'ला 'हाव' म्हणतात. आक्का आणि मी एकमेकींकडं पाहिलं. आम्ही दोघींनी वेगळंच ऐकलं होतं. पण अव्वाला इंग्रजीचं अक्षर येत नव्हतं, आणि त्या घडीला तिला ते समजावून सांगायची गरजही नव्हती.

पुढं कळलं की आप्पांकडं तेवढा एकच शब्द उरला होता. पाणी हवं असलं तरी तोच, राग आला तरी तोच. डॉक्टरांनी सांगितलं, असं होतं कधी कधी. सगळी भाषा पुसली जाते आणि एखादाच शब्द मागं राहतो. कुणाला शिवी राहते, कुणाला देवाचं नाव. तोच का राहिला, ते कुणाला सांगता येत नाही. त्यांना बोलतं ठेवा, एवढंच आपल्या हातात आहे, असंही ते म्हणाले.

आम्ही त्यांना बोलतं ठेवलं. आता या वयात मला वाटतं, त्या दिवसांत घरात जेवढं बोलणं झालं तेवढं नंतर कधी झालं नाही. शब्द एकच, पण आप्पा त्याला शंभर चाली लावायचे. भूक लागली की तो आखूड यायचा. अव्वा सुशीला करायची, मुरमुऱ्यांवर तेल-मोहरीची फोडणी चरचरायची, तेव्हा तो लांबत जायचा, गोड व्हायचा. माझा अभ्यास चुकला की दोन तुकड्यांत, छडी मारल्यासारखा. रहीमचाचा दुकान बंद करून येत आणि खाटेशी बसून दोघांचंही संभाषण एकटेच चालवत. "बारिश तो आने से रही, मास्टरसाब. ताहम?" "हाउएव्हर," आप्पा म्हणत, आणि त्यांचा अर्धा चेहरा हसायचा. अव्वा मात्र प्रत्येक वेळी 'हाव'च ऐकायची. नवरा आपल्या प्रत्येक गोष्टीला हाव म्हणतोय, एवढं सुख तिला आयुष्यात प्रथमच मिळत होतं. नको असलं की आप्पा मान फिरवत, तेव्हा तिला कळायचं. त्यांचं असं चाललं होतं आणि चांगलं चाललं होतं.

त्याच सुमाराला रेणापूरचे मामा आक्कासाठी स्थळ घेऊन आले. मुलगा म्हणजे राजशेखर. त्याला लातूरला नोकरी लागली होती, आणि मामांच्या कानावर होतं की त्यानं स्वतःच घरात आक्काचं नाव काढलं होतं. आक्का ऐकून सरळ टँकरला गेली, घागर घेऊन आली, आणि वाटेत अर्धी सांडली तरी तिला पत्ता नव्हता. एरवी पाण्याच्या थेंबावरून आमच्यावर डाफरणारी आक्का! संध्याकाळी ती आप्पांच्या खाटेजवळ बसली. "आप्पा, तुमचा राजशेखर हाय. करू का?" आप्पांनी डावा हात उचलून तिच्या डोक्यावर ठेवला आणि त्यांचा शब्द म्हणाले. इतका लांबवून, इतका मऊ, की मी तसा तो त्याआधी ऐकला नव्हता.

पाहुणे दुपारी आले. राजशेखरचे वडील विश्वनाथराव लातूरच्या नव्या कचेरीत अव्वल कारकून होते. उस्मानाबादेतून फायलींबरोबरच ते लातूरला आलेले. माणूस सज्जन, मोजकं बोलणारा. त्यांच्याबरोबर त्यांची बायको आणि राजशेखर. आप्पांना आम्ही धुतलेला सदरा घालून, पाठीशी लोड लावून बसवलं होतं. अव्वानं पाहुण्यांसाठी पाणी गाळून गाळून ठेवलं होतं. पोहे झाले, चहा झाला. मामांनी सगळं सांगितलं, आप्पांच्या आजाराचंही. आक्का आतल्या दारात पाण्याचा तांब्या घेऊन उभी होती. देण्याघेण्याचं तर विश्वनाथरावांनी बोलूच दिलं नाही. "आमच्या मुलाला सरांनी शिकवलं. तेवढं पुष्कळ झालं," ते म्हणाले, आणि मग अदबीनं आप्पांकडं वळले. "सर, तुमची संमती आहे ना? तुमच्या तोंडून आलं की बरं वाटेल."

आप्पांचा चेहरा उजळला. त्यांनी श्वास घेतला, आणि गेल्या कित्येक दिवसांत आला नव्हता इतका स्वच्छ, शाळेत फळ्यापुढं उभं राहून म्हणावा तसा शब्द उच्चारला, "हाउएव्हर."

"हाव म्हणले!" अव्वा टाळी वाजवून म्हणाली. "ऐकलात न्हवं? हाव म्हणले!"

विश्वनाथरावांनी कप खाली ठेवला. "वहिनी, ते हाव नाही म्हणाले."

"अवो, हावच की!"

"नाही. हाउएव्हर म्हणाले." ते खालच्या आवाजात बोलत होते. "सरकारी कागद वाचण्यात माझा जन्म गेला. अर्जदार पात्र आहे, कागदपत्रं पूर्ण आहेत, असं सगळं लिहून होतं. मग हा शब्द येतो. तो दिसला की पुढचं वाचायची गरज नसते."

मामा घाईघाईनं म्हणाले, "दाजींना तेवढा एकच शब्द येतो हो! पाणी पाहिजे असलं तरी त्योच म्हणतेत."

"एकच शब्द राहिला," विश्वनाथरावांची बायको हळूच म्हणाली, "अन् त्योबी 'पण' म्हणणारा?"

आप्पांना सगळं कळत होतं. ते घाबरले. त्यांनी जोरजोरात मान हलवली, डाव्या हातानं दाराकडं आक्काला दाखवलं, राजशेखरला दाखवलं, दोन बोटं जवळ आणली आणि ते म्हणाले, "हाउएव्हर! हाउएव्हर!" मला ते समजलं. होय, माझं मन आहे, हे दोघं एकमेकांसाठी आहेत, असंच ते सांगत होते. पण जितकं सांगत तितका तोच शब्द मोठा होऊन बाहेर पडत होता, आणि त्यांना तो आवरत नव्हता. ओठाच्या कोपऱ्यातून लाळ गळत होती. पाहुणे उठले. "कळवतो," विश्वनाथराव म्हणाले. राजशेखर आमच्या ओट्यावर त्या शब्दाचे दोन्ही अर्थ शिकला होता. सरांचा आवाज त्याच्या ओळखीचा होता. तो एक वाक्य बोलला असता तरी कदाचित निभावलं असतं. वडिलांसमोर त्याचं तोंड उघडलं नाही. पायांच्या बोटांकडं बघत तो बाहेर पडला, आणि चप्पल घालताना त्याचा तोल गेला, तेवढंच.

लग्न ही केवढी मोठी गोष्ट आणि ती मोडायला केवढंसं कारण, असं मला तेव्हा वाटायचं. आता विश्वनाथरावांचा तेवढा राग येत नाही. आजारी बाप, कोरडं वर्ष, मनात आधीच भीती असेल. तिला एक शब्द पुरला.

निरोप मामाच घेऊन आले. एस.टी.नं आले, ओट्यावरच उभे राहिले, आत यायला त्यांचा पाय उचलेना. "न्हाई म्हणले," ते अव्वाला म्हणाले. "पोरीच्या बापाच्या मनात काहीतरी किंतु हाय, म्हणले." त्यांनी आवाज बारीक केला होता, पण घर केवढं! आप्पांनी ते खाटेवरून ऐकलं. आक्कानं त्या दिवशी रोजच्यासारखी भाकरी कुस्करली, वरणात कालवली आणि आप्पांना भरवायला बसली. अव्वानं सवयीनं विचारलं, "आजून देऊ का?" आप्पांनी ओठ मिटून घेतले.

ते मिटले ते मिटलेच. त्या दिवसापासून आप्पा तोही शब्द म्हणेनात. भूक लागली तर भिंतीकडं बघत पडून राहत. रहीमचाचा येत, पाऊसपाणी, बाजार, सगळं सांगत, "ताहम, मास्टरसाब?" म्हणून थांबत, आणि उत्तर येत नाही असं बघून खाटेची दोरी चाचपत बसत. अव्वा तर त्यांच्या पाया पडायची. "एकदा हाव म्हणा. म्या कायबी मागत न्हाई. एकदा म्हणा." आप्पा डोळे मिटून घ्यायचे. घरात भांड्यांचा आवाजसुद्धा दचकवायला लागला. आक्कानं एक युक्ती करून पाहिली. ती त्यांच्याजवळ बसून मुद्दाम चुकीचं इंग्रजी बोलायची. 'बट हाउएव्हर' असं दोन्ही एकत्र म्हणायची. ही चूक एरवी आप्पांना विंचू चावल्यासारखी लागायची. त्यांचा डावा हात उचलला जायचा, ओठ थरथरायचे. पण ते गिळून टाकायचे. हातातल्या चाकूनं लेकरालाच लागावं आणि माणसानं चाकू टाकून द्यावा, तसा त्यांनी तो शब्द टाकला होता.

असे कितीतरी दिवस गेले. मृगही कोरडा गेला. एका दुपारी आक्का त्यांचं अंग पुसत होती. पाणी इतकं कमी की एकच फडकं ओलं करून सगळं अंग पुसावं लागे. मी शेजारी शाळेच्या दप्तराला ठिगळ लावत होते. आक्कानं त्यांचा डावा हात पुसता पुसता तसाच धरून ठेवला.

"आप्पा, माझ्याकडं बघा. तुमचं काय चुकलं न्हाई. खरं सांगू का? मला त्यो राजशेखर आवडलाच न्हवता. तुमच्यासाठी मी तयार झाले होते. मोडलं ते बरंच झालं."

तिचा आवाज अगदी सरळ होता. मलासुद्धा क्षणभर खरं वाटलं. आप्पा तिच्याकडं बघत राहिले. त्यांनी मान हलवली, तुझं म्हणणं ऐकलं अशी. मग त्यांचे ओठ सुटले, आणि इतक्या दिवसांच्या गंजातून, श्वास घेऊन, हळूच ते म्हणाले, "हाउएव्हर."

आक्कानं त्यांच्या छातीवर डोकं ठेवलं आणि ती रडली. स्थळ मोडल्या दिवसापासून ती रडली नव्हती. ते सगळं त्या दुपारी बाहेर आलं. तिचा आवाज ऐकून अव्वा परसातून धावत आली, राखेनं भरलेल्या हातांनी.

"काय झालं? बोलले का? काय म्हणले?"

आक्कानं तोंड वर केलं. "हाव म्हणले, अव्वा."

अव्वानं हातसुद्धा धुतले नाहीत. डब्यातली साखर वाटीत घेऊन ती गल्लीत गेली. रहीमचाचांच्या दारात, पलीकडच्या वाण्याकडं, टँकरच्या रांगेत उभ्या असलेल्या बायकांच्या हातांवर चिमूट चिमूट ठेवत, "आमचे हे आज बोलले" असं सांगत फिरली. घरात आक्का अजून आप्पांचा हात धरूनच बसली होती.

त्यानंतर आप्पा फार दिवस राहिले नाहीत. झोपेतच गेले. आम्हा लिंगायतांत माणसाला पुरतात, बसलेल्या अवस्थेत, त्यामुळं खड्डा खोल लागतो. गावाबाहेर आमचा रानाचा एक तुकडा होता, तिथं जागा ठरली. पण दोन वर्षं पाणी न प्यालेली जमीन ती. टिकाव मारला की ठिणगी उडायची आणि मूठभर माती निघायची. ओट्यावर शिकलेली पोरं आली होती, लातूरहून, जिथं जिथं नोकरीला लागली होती तिथून. त्यांनी शर्ट काढून टिकाव हातात घेतले. दुपार कलली तरी खड्डा गुडघाभरसुद्धा झाला नव्हता.

मग रहीमचाचा उठले आणि गावात गेले. परत आले ते हातगाडी ढकलत. तिच्यावर घागरी, कळशा, पत्र्याचे डबे. त्या दिवशी टँकरनं गल्लीला दिलेलं पाणी. प्रत्येक घरानं आपल्यातलं काढून दिलं होतं. "मिट्टी भिगाओ," ते म्हणाले, "मास्टरसाबकू जगह दो." पहिली घागर आक्कानं उचलली आणि ती खड्ड्याच्या काठाशी गेली. आत राजशेखर होता. त्याच्या तळहातांना फोड येऊन फुटले होते. त्यानं वर पाहिलं.

"जरा सरका," आक्का म्हणाली.

तो कडेला सरकला. तिनं घागर तिरपी केली, सगळी रिकामी होईपर्यंत. पाणी जमिनीत मुरेपर्यंत दोघं तसेच उभे राहिले, आणि मग त्यानं पुन्हा टिकाव उचलला.